हिस्सा कशाचा?

सांगलीच्या दिवाणी न्यायालयात १९६२ साली एका विधवेने वाटणीचा दावा लावला. तिचा नवरा १९६० मध्ये वारला होता. मागे ती स्वतः, दोन मुलगे आणि तीन मुली. कुटुंबाच्या मिळकतीत आपला हिस्सा ७/२४ आहे, असे तिचे म्हणणे होते. खालच्या न्यायालयाने तिला १/२४ दिला. उच्च न्यायालयाने ७/२४ मान्य केला आणि १९७८ साली सर्वोच्च न्यायालयाने तोच कायम केला. सातपटीचा हा फरक कुणाचा गुणाकार चुकल्यामुळे पडलेला नव्हता. १९५६ च्या हिंदू वारसा कायद्यातली त्या वेळची तरतूद अशी, की मृत्यूच्या क्षणाआधी कुटुंबाची वाटणी झाली होती असे आधी मानायचे, आणि त्या वाटणीत मृताच्या वाट्याला जे आले असते तेवढेच त्याच्या वारसांत वाटायचे. मानलेल्या वाटणीत नवरा, बायको आणि दोन मुलगे असे चौघे, म्हणून प्रत्येकी १/४. नवऱ्याच्या या चौथ्या हिश्श्याचे वारस सहा, म्हणून १/४ चा १/६, म्हणजे १/२४. इथपर्यंत सगळ्यांचे आकडे जुळत होते. खालच्या न्यायालयाच्या मते पहिली वाटणी केवळ नवऱ्याचा हिस्सा काढण्यापुरती मानलेली होती, त्यामुळे बायकोचा त्यातला चौथा हिस्सा तिच्या पदरात टाकता येत नव्हता. सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, की एकदा ती वाटणी झाली असे धरले की तिचे सगळे परिणामही धरलेच पाहिजेत. मग १/४ आणि १/२४ यांची बेरीज ७/२४. सहावीतल्या मुलाला पाच मिनिटांत जमेल असे हे गणित पंधरा वर्षे न्यायालयांत राहिले, कारण वाद होता तो कोणता तुकडा कोणत्या पूर्णाचा आहे याचा.

याच कुटुंबाला आजचा कायदा लावून पाहण्यासारखा आहे. २००५ च्या दुरुस्तीने मुलीही मुलांप्रमाणे जन्मतः सहदायाद, म्हणजे कुटुंबाच्या मिळकतीच्या हक्कदार, झाल्या. आता मानलेल्या वाटणीत नवरा, बायको, दोन मुलगे आणि तीन मुली असे सात जण, प्रत्येकी १/७. नवऱ्याचा १/७ पुन्हा सहा वारसांत, म्हणजे १/४२. दोन्हींची बेरीज सगळ्यांची सारखीच, १/६. जुन्या हिशोबात मुलीला १/२४ मिळत होता, आता तिला १/६ मिळतो, म्हणजे नेमका चौपट. वारसांत सारखी वाटणी तर जुन्या कायद्यातही होती. दुसऱ्या पायरीवरचा १/६ तेव्हाही मुलीचाच होता. पण तो १/६ एका तुकड्याचा होता, आणि ज्या पूर्णातून तो तुकडा पडला त्या पूर्णाच्या वाटणीत तिला जागाच नव्हती. ‘मुलींनाही सारखा वाटा आहे’ हे वाक्य १९५६ नंतरही म्हणता येत होते आणि त्या अर्थाने ते खरेही होते. ज्याला अपूर्णांकाचा गुणाकार कळतो त्याला त्या वाक्यापुढे विचारावासा वाटतो तो प्रश्न एवढाच, की सारखा वाटा कशाचा?

अपूर्णांकांच्या शाब्दिक उदाहरणांतून शिकायचे असते ते मुख्यतः हे विचारणे, असे मला ठामपणे वाटते. अंशाला अंशाने आणि छेदाला छेदाने गुणायचे, भागाकार आला की दुसरा अपूर्णांक उलटा करायचा, हे नियम एका दुपारी शिकवता येतात, आणि आपल्या शाळांतून ते तसेच शिकवलेही जातात. आधी चित्रातले रंगवलेले चौकोन, मग नियम, मग सराव, आणि सरावसंचाच्या अगदी तळाशी दोन-तीन शाब्दिक उदाहरणे. तास संपत आला की ती गृहपाठात जातात आणि परीक्षा जवळ आली की गृहपाठातूनही गळतात. त्यांच्याकडे शिकलेल्या क्रियेचा उपयोग दाखवणारी जोड म्हणून पाहिले जाते. मला हा क्रम उलटा वाटतो. २/३ आणि ३/४ ही चिन्हे कागदावर एकटी असतात तेव्हा ती कशाचीच नसतात. ती निव्वळ संख्या म्हणून वागतात आणि त्यांना तसे वागू देण्यातच अंकगणिताचे सामर्थ्य आहे. पण जगात कुठलाही पाऊण नुसता पाऊण नसतो. तो एकराचा असतो, मीटरचा असतो, पगाराचा असतो. हे ‘कशाचा’ ओळखण्याची सवय चिन्हांच्या सरावातून लागणे शक्य नाही, कारण चिन्हे लिहिण्यापूर्वीच ते पुसून टाकलेले असते. ती सवय लावण्याची शाळेतली एकच जागा आहे, आणि तिला आपण पानाच्या तळाशी ठेवले आहे.

गुणाकारात काय होते ते पाहू. पाऊण मीटरचे दोन तृतीयांश म्हणजे अर्धा मीटर. या छोट्या वाक्यात दोन पूर्ण आहेत. पाऊण हा मीटरचा, दोन तृतीयांश हे त्या पाऊणचे, आणि उत्तर आले ते पुन्हा मीटरमध्ये. जे मघाशी तुकडा होते ते मध्येच पूर्ण झाले आणि उत्तर देताना पुन्हा तुकडा झाले. मुलांना हे अवघड जाते यात नवल नाही. पूर्णांकांच्या गुणाकारात असे काही घडत नाही. शिवाय गुणले की वाढते हा तोवरचा अनुभव इथे मोडतो. मराठ्यांच्या राज्यकारभारात हिश्श्याचा हिस्सा काढण्याचा हा व्यवहार मोठ्या प्रमाणावर चालला होता. १७१९ साली बाळाजी विश्वनाथांनी दिल्लीहून दख्खनच्या सहा सुभ्यांच्या चौथाईच्या आणि सरदेशमुखीच्या सनदा आणल्या. चौथाई म्हणजे महसुलाचा चौथा हिस्सा. त्या चौथाईची पुन्हा वाटणी होती: तिचा चौथा हिस्सा बाबती म्हणून छत्रपतींचा, शेकडा सहा साहोत्रा म्हणून पंतसचिवांचा, शेकडा तीन नाडगौडा, आणि उरलेले शेकडा ६६ मोकासा म्हणून सरदारांचे. बाबती ही चौथाईची चौथाई, म्हणजे मूळ महसुलाच्या रुपयात एक आणा. मोकाशाचे शेकडा ६६ ऐकायला दोन तृतीयांशाच्या जवळचे. महसुलाच्या हिशोबात मात्र ते शंभरात साडेसोळा. सरदार आपला वाटा चौथाईच्या मापाने मोजत होता आणि गावचा पाटील पूर्ण महसुलाच्या मापाने. एकाच रकमेचे हे दोन आकडे खरे आहेत आणि दोन्ही वेगवेगळे आहेत. आज दुकानाच्या काचेवर पन्नास टक्के सूट आणि त्यावर आणखी वीस टक्के असे लिहिलेले असते तेव्हाही मागच्या वीस टक्क्यांचा पूर्ण बदललेला असतो. द्यावे लागतात ते अर्ध्याचे चार पंचमांश, म्हणजे शंभराला चाळीस. शंभराला तीस या हिशोबाने पैसे घेऊन गेलेल्या माणसाची बेरीज बरोबर असते. त्याने बेरीज करायला नको होती.

भागाकाराचे प्रकरण याहून समृद्ध आहे आणि याहून अधिक दुर्लक्षित. एक पिशवी शिवायला पाऊण मीटर कापड लागते. पाच मीटर कापडात किती पिशव्या होतील? पाच भागिले तीन चतुर्थांश, उलटा करून गुणले की २०/३, म्हणजे सहा पूर्णांक दोन तृतीयांश. आता हे कापड खरोखर कापले तर सहा तुकडे निघतात आणि शिल्लक राहतो अर्धा मीटर. कागदावर दोन तृतीयांश, टेबलावर अर्धा. विचार करणारे मूल इथे थांबते आणि आपण कुठेतरी चुकलो असे समजते. ते चुकलेले नसते. उरलेले कापड मीटरचा अर्धा भाग आहे आणि एका पिशवीला लागणाऱ्या कापडाचे दोन तृतीयांश आहे. भागाकाराने मापच बदलून टाकले: मीटरने मोजलेले कापड आता पिशवीने मोजले गेले. अपूर्णांकांच्या भागाकारात कळण्यासारखे जे काही आहे ते जवळजवळ सगळे या शिल्लक तुकड्यात आहे. तरीही पाठ्यपुस्तकांतल्या अशा उदाहरणांत आकडे बहुधा असे निवडलेले असतात की भाग पूर्ण जावा. साडेचार मीटर दिले की सहा पिशव्या नेमक्या होतात, उत्तर सुबक येते, आणि प्रश्न पडण्याची वेळच येत नाही. मुलांवर दया म्हणून आपण नेमका तो तुकडा लपवतो.

भागाकाराचे दुसरे रूपही आहे, आणि व्यवहारात तेच जास्त भेटते. तुकडा माहीत आहे, तो कितवा हिस्सा आहे हेही माहीत आहे, पूर्ण किती ते काढायचे आहे. शेतकऱ्याचे खताचे गणित घ्या. समजा शिफारस हेक्टरी ५० किलो नत्राची आहे आणि शेत आहे ३० गुंठ्यांचे. चाळीस गुंठ्यांचा एकर, म्हणून शेत पाऊण एकर. हेक्टर म्हणजे साधारण अडीच एकर, म्हणून शेत हेक्टरचा ३/१०. म्हणजे नत्र हवे १५ किलो. पण दुकानात नत्र मिळत नाही, युरिया मिळतो, आणि युरियात नत्र असते शंभरात ४६. तेव्हा ज्याचा ४६/१०० भाग १५ किलो आहे असे वजन हवे. इथे १५ ला ४६/१०० ने भागायचे. उत्तर साडेबत्तीस किलोंच्या किंचित वर. गोणी ४५ किलोची, म्हणून पाऊण गोणीला थोडे कमी. अडाणी म्हणून ज्याला बाजूला सारले जाते तो शेतकरी ‘एकराला गोणी, पाऊण एकराला पाऊण गोणी’ हे तोंडी सांगतो आणि त्याचे उत्तर किलोभरानेच चुकते. पण शिफारस बदलली, किंवा युरियाऐवजी १८ टक्के नत्राचे डीएपी घ्यायचे ठरले, की तोंडपाठ सूत्र तुटते. तेव्हा लागते ती या साखळीची ओळख: एकराचा हिस्सा, हेक्टरचा हिस्सा, खताच्या वजनाचा हिस्सा, गोणीचा हिस्सा. चार अपूर्णांक, चार पूर्ण, आणि प्रत्येक ठिकाणी गुणायचे की भागायचे हे आकड्यांकडे बघून कळत नाही.

भागताना उलटा का करायचा, हेही अशाच प्रश्नांतून उलगडते. भास्कराचार्यांच्या लीलावतीत, म्हणजे ११५० च्या सुमाराच्या ग्रंथात, चार झऱ्यांचे उदाहरण आहे. एकटा पहिला झरा विहीर एका दिवसात भरतो, दुसरा अर्ध्या, तिसरा दिवसाच्या तिसऱ्या आणि चौथा सहाव्या भागात. चारही एकदम सोडले तर किती वेळ लागेल? जो दिवसाच्या सहाव्या भागात विहीर भरतो तो दिवसभरात सहा विहिरी भरेल. एक भागिले एक षष्ठांश बरोबर सहा, हे इथे कुणी नियम म्हणून सांगावे लागत नाही. दिवसाला किती, असे विचारले की ते समोर उभे राहते. चौघे मिळून दिवसाला एक, दोन, तीन आणि सहा, एकूण बारा विहिरी. म्हणून एका विहिरीला दिवसाचा बारावा भाग. उलटा करण्याची क्रिया म्हणजे ‘एकाला किती’ या प्रश्नाचे उत्तर आहे. त्याच ग्रंथात केशराचे त्रैराशिक आहे: ३/७ निष्क या किमतीला अडीच पळे वजनाचे केशर, तर नऊ निष्कांना किती? नऊ निष्कांत ३/७ निष्क एकवीस वेळा बसतो, म्हणून अडीचाची एकवीस पट, साडेबावन्न पळे. छेद आणि अंश यांची अदलाबदल करून गुणण्याचा नियम लीलावतीत स्पष्ट दिलेला आहे, आणि अंश आणि छेद हे दोन्ही शब्द आपण अजून तेच वापरतो. मात्र नियमाला लागूनच तिथे माणसे, पैसे, पाणी, केशर असतात.

या ग्रंथातले भिकाऱ्याचे उदाहरण मला सगळ्यांत मोलाचे वाटते. एका माणसाने याचकाला एका द्रम्माच्या अर्ध्याच्या दोन तृतीयांशाच्या तीन चतुर्थांशाच्या पाचव्या हिश्श्याच्या सोळाव्या हिश्श्याचा चौथा हिस्सा दिला. तर त्या कृपणाने दिले किती? सगळे गुणले की द्रम्माचा १२८० वा भाग येतो. ग्रंथाच्या आरंभीच नाण्यांची कोष्टके दिलेली आहेत: वीस कवड्यांची काकिणी, चार काकिण्यांचा पण, सोळा पणांचा द्रम्म. विसांना चारांनी आणि सोळांनी गुणले की १२८०. म्हणजे त्या माणसाने दिली एक कवडी. इतकी लांबलचक भाषा आणि हातात सर्वांत लहान नाणे. शिकणाऱ्याला एकामागून एक सहा पूर्ण धरावे लागतात, आणि शेवटी उत्तर आकड्यावर सोडता येत नाही, ते कवडीत सांगावे लागते. चाळीसगावजवळ पाटण येथे, भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने मठ स्थापल्याचा उल्लेख असलेला १२०७ सालचा शिलालेख आहे. तिथे बसून जी मुले हे उदाहरण सोडवत असतील त्यांना मोठे शब्द वापरून लहान दान देणाऱ्या माणसाची ओळखही सोबत मिळत असणार.

नियम येत असला की अर्थ आपोआप येतो असे मानणाऱ्यांसाठी एक अभ्यास फार उपयोगी आहे. लिपिंग मा या संशोधिकेचे अमेरिकी आणि चिनी प्राथमिक शिक्षकांच्या गणितविषयक जाणिवेवरचे पुस्तक १९९९ साली प्रसिद्ध झाले. त्यात २३ अमेरिकी आणि ७२ चिनी शिक्षकांना विचारले होते: पावणेदोनला अर्ध्याने भागा, आणि या भागाकाराला साजेशी एक गोष्ट, म्हणजे शाब्दिक उदाहरण, तयार करा. आकडेमोड करून पाहणाऱ्या २१ अमेरिकी शिक्षकांपैकी नऊ जणांचे उत्तर पूर्णपणे बरोबर आले. अर्थाला धरून गोष्ट रचता आली ती फक्त एकाला. चिनी शिक्षकांपैकी सगळ्यांना आकडेमोड आली आणि बहुतेकांना गोष्टही. यावरून कुठला देश हुशार हे ठरवण्यात मला रस नाही. लक्षात घेण्यासारखी आहे ती चुकांची जात. पुष्कळ शिक्षकांनी पावणेदोन वस्तू दोघांत सारख्या वाटण्याची गोष्ट सांगितली. ती दोनाने भागण्याची गोष्ट आहे. अर्ध्याने भागायचे म्हणजे पावणेदोनात अर्धे किती बसतात ते मोजायचे, आणि ते बसतात साडेतीन. ज्यांनी साडेतीन हे उत्तर स्वतः काढले होते त्यांतल्याही बहुतेकांना त्या साडेतीनला जग सापडले नाही. नियम पाळणारा हात आणि अर्थ जाणणारे मन एकाच माणसात शेजारी राहूनही एकमेकांना अनोळखी असू शकतात, याचा इतका स्वच्छ पुरावा मला दुसरा माहीत नाही.

यावर जुन्या पिढीकडून एक गंभीर आक्षेप येईल आणि तो आदराने ऐकण्यासारखा आहे. पंतोजींच्या शाळेत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी हे सगळे पाढे मुलांकडून घोकून घेत. अर्थ कुणी समजावत नव्हते. तरी त्या शाळांतून बाहेर पडलेली माणसे पेढीवर बसून आयुष्यभर अचूक हिशोब करत. मग घोकंपट्टीने भागत होते ना? भागत होते, पण कशाच्या बळावर तेही पाहायला हवे. त्या मुलाला पाव म्हणजे काय हे सांगावे लागत नव्हते, कारण पावशेर त्याच्या घरात होता, नवटाक होते, रुपयाचे चार आणे होते, सोळा आण्यांचा गुंठा होता, चाळीस शेरांचा मण होता. प्रत्येक पाढ्याच्या पाठीशी एक ठरलेला पूर्ण उभा होता आणि तो रोज हाताळला जात होता. ‘कशाचा’ याचे उत्तर मापाच्या नावातच असल्यामुळे शाळेला तो प्रश्न वेगळा विचारावा लागला नाही. १ एप्रिल १९५७ ला दशमान नाणी आली, १९५६ च्या कायद्याने मेट्रिक मापे आली आणि पुढच्या काही वर्षांत शेर-मण बाजारातून गेले. हे झाले ते चांगलेच झाले; प्रांतागणिक बदलणाऱ्या शेराने गरिबाला लुबाडणे सोपे होते. पण पाढ्यांच्या पायाखालची जमीन त्याबरोबर गेली, आणि तिच्या जागी शाळेने दुसरे काही भरले नाही. आज अंकलिपीत पावकी छापलेली सापडली तरी ती पाठ करणाऱ्या मुलाला तिचा आधार सापडत नाही. शिवाय पावकी काय की औटकी काय, ते पाढे पूर्ण संख्येला अपूर्णांकाने गुणण्याचे. हिश्श्याच्या हिश्श्यासाठी आणि भागाकारासाठी पेढीवरच्या अनुभवाचीच शिदोरी लागे. तेव्हा त्या पाढ्यांचे यश घोकंपट्टीच्या बाजूने साक्ष देत नाही, ओळखीच्या पूर्णाच्या बाजूने देते.

दुसरा आक्षेप नव्या पिढीचा. आता सगळे दशांश चिन्हात आहे, टक्क्यांत आहे, आणि हातात फोन आहे. २/३ ला ३/४ ने भागण्याची वेळ येते कुणावर? आकडेमोडीपुरते हे मला मान्य आहे. मोठे छेद असलेले अपूर्णांक हाताने सोडवण्यात मुलांचे तास जावेत असे मी म्हणणार नाही. पण फोनला जे विचारू त्याचेच तो उत्तर देतो. कर धरून एखाद्या वस्तूची किंमत ११८० रुपये आहे आणि कर १८ टक्के आहे. यात कर किती? फोनवर ११८० चे १८ टक्के काढले तर २१२ रुपये ४० पैसे येतात आणि ते चूक असते, कारण ते १८ टक्के मूळ किमतीचे आहेत, छापील किमतीचे नाहीत. कर आहे १८० रुपये, छापील किमतीच्या ११८ भागांतले १८ भाग. पगार पाचव्या हिश्श्याने कापला आणि नंतर पाचव्या हिश्श्याने वाढवला, तर तो पूर्ववत होत नाही; पंचविसावा भाग कमीच राहतो, आणि भरून निघायला चौथ्या हिश्श्याची वाढ लागते. टक्का हा शंभर छेद असलेला अपूर्णांकच आहे, फक्त छेद लपल्यामुळे पूर्णही सहज लपतो. औषधाच्या बाबतीत हे लपणे धोक्याचे होते. डॉक्टरांनी लहान मुलाला तापाच्या औषधाचा १५० मिलिग्रॅम डोस सांगितला. एका बाटलीवर पाच मिलिलिटरमध्ये १२५ मिलिग्रॅम असे लिहिलेले असते, दुसऱ्या बाटलीवर पाच मिलिलिटरमध्ये २५० मिलिग्रॅम. पहिल्यातून सहा मिलिलिटर द्यायचे, दुसऱ्यातून तीन. औषध तेच, मूल तेच, डोस तोच. मागच्या वेळी ‘सहा मिलिलिटर’ एवढेच लक्षात ठेवलेल्या घरात दुसरी बाटली आली तर दुप्पट औषध पोटात जाईल. इथे फोन मदतीला येतो, पण १५० ला कशाने भागायचे हे बाटली हातात धरणाऱ्याने वाचायचे असते.

तिसरा आक्षेप मला सर्वांत वजनदार वाटतो, कारण तो शाळेच्या आतून येतो. शाब्दिक उदाहरणे कृत्रिम असतात, मुले ती वाचत नाहीत, त्यातले खुणेचे शब्द शोधतात आणि आकडे जुळवतात. हे खरे आहे. ‘प्रत्येकी’ दिसले की भागायचे, ‘पैकी’ किंवा ‘चा भाग’ दिसले की गुणायचे, अशा खुणा शिकवणीत उघडपणे शिकवल्या जातात. शिष्यवृत्ती परीक्षेत दिलेल्या पर्यायांतून उत्तर निवडायचे असते, तिथे या खुणा बऱ्याचदा कामही करतात, म्हणून त्या टिकून आहेत. पण हे उदाहरण पाहा: टाकीचा २/५ भाग भरायला १२ मिनिटे लागतात, तर पूर्ण टाकी भरायला किती? वाक्यात ‘चा भाग’ आहे, म्हणून खुणेवर चालणारे मूल १२ ला २/५ ने गुणते आणि पाच मिनिटांच्या आत टाकी भरून टाकते. अर्ध्याहून कमी टाकीला बारा मिनिटे आणि पूर्ण टाकीला त्याहून कमी, हे त्याला खटकत नाही, कारण टाकी त्याच्या डोळ्यांसमोर कधी आलीच नव्हती. बारा भागिले दोन पंचमांश, तीस मिनिटे. या मुलाचा दोष मी उदाहरणाच्या प्रकाराला देणार नाही, उदाहरणे बांधण्याच्या पद्धतीला देईन. जिथे एका धड्याखालची सगळी उदाहरणे त्याच धड्यातल्या क्रियेने सुटतात, तिथे वाचण्याची गरजच उरत नाही. गुणाकाराची आणि भागाकाराची उदाहरणे मिसळून द्यावीत, पूर्ण कोणता हे काही ठिकाणी सांगूच नये, भाग न जाणारे आकडे मुद्दाम घ्यावेत, आणि उत्तर काढण्याआधी ते दिलेल्या संख्येपेक्षा मोठे येईल की लहान एवढे लिहायला सांगावे. कधी आकडे द्यावेत आणि गोष्ट मुलांकडून मागावी. खताच्या गोणीवरचे, औषधाच्या बाटलीवरचे, सातबाऱ्यावरचे आकडे वर्गात यावेत. त्यांना कृत्रिम म्हणता येणार नाही.

एवढ्याला वेळ कुठून आणायचा, असे शिक्षक विचारतील, आणि चाळीस-पन्नास मुलांच्या वर्गात उभे राहणाऱ्याने तसे विचारणे रास्तच आहे. वीस उदाहरणांच्या जागी सहा घेतली तर वेळ निघतो. परीक्षेची अडचणही वाटते तेवढी मोठी नाही. पर्याय निवडण्याच्या परीक्षेतही उत्तराच्या आकड्याऐवजी त्याचा पूर्ण विचारता येतो. पाऊण मीटरची पिशवी, पाच मीटर कापड, भागाकाराचे उत्तर सहा पूर्णांक दोन तृतीयांश. या उत्तरातले दोन तृतीयांश कशाचे? पर्याय: एका मीटरचे, पाच मीटरचे, एका पिशवीला लागणाऱ्या कापडाचे, उरलेल्या कापडाचे. यात खुणेचा शब्द नाही, गुणायचे-भागायचे काही उरलेले नाही, आणि अशा एका प्रश्नासाठी पुढच्या वर्षीपासून शिकवणीच्या वर्गांनाही शिल्लक तुकड्याकडे बघावे लागेल.